तातडीनं मदत हवी: वळताना पुढून कटकट

मांडववाला: गाडी वळवली की पुढून कटकट आवाज येतो. सरळ जाताना काही नाही. मेकॅनिक म्हणाला बेअरिंग. दोन्ही बाजूंची बदलली, आवाज जागेवर. रविवारी मेढ्याला मांडव टाकायचाय. लवकर सांगा.

तेलकट_हात: गाडी कुठली?

मांडववाला: मॅटाडोर. अजून कुठली!

तेलकट_हात: अहो, आमच्या गावात टाटाच्या ४०७ लाही मॅटाडोरच म्हणतात. बजाज टेम्पोची अस्सल मॅटाडोर का?

मांडववाला: तीच. वडिलांची.

डिझेलवेडा: थंडीत सुरू व्हायला त्रास असेल तर हिटर प्लग बघा, थंड इंजिन तापवणारे. मर्सिडीजच्या परवान्याचं ओएम ६१६ डिझेल इंजिन, २.४ लिटर, चार सिलिंडर. प्लग तापल्याशिवाय स्टार्टर मारूच नका.

मांडववाला: सुरू एका दमात होते हो. वळताना वाजते.

तेलकट_हात: हिची पुढची चाकं ओढतात. मागच्या चाकांना ताकद नेणारा प्रॉपेलर शाफ्टच नाही, म्हणून तर फळी इतकी खाली आणि माल चढवायला सोपा. पण ओढायचं, वळायचं आणि खड्डे खायचे, सगळं पुढच्याच शाफ्टवर. त्या शाफ्टचा चाकाकडचा जॉइंट, म्हणजे वळतानाही चाक फिरवत ठेवणारा सांधा, गेला असणार. मोकळ्या मैदानात स्टेअरिंग पूर्ण वळवून सावकाश गोल फिरवा, आधी डावीकडे, मग उजवीकडे. कुठं जास्त वाजतं?

घाटरस्ता: विकून टाका. आमची पावसात भरून चढाला लागली की पुढची चाकं जागेवर फिरायची. ओझ्याला मागून ढकलणारी गाडीच हवी.

तेलकट_हात: माल सगळा मागच्या फाळक्याला लावत असाल, मग पुढं वजन राहणार कुठून? जड सामान केबिनला चिकटवून ठेवायचं.

घाटरस्ता: बारा वर्षं चालवलीय, मला माल लावायला शिकवू नका.

कोथरूडकर: वाद राहू द्या. 'टेम्पो' हे नाव मुळात हॅम्बुर्गच्या कंपनीचं, हे किती जणांना माहितीये? मॅटाडोरच्या आधी इथं तीनचाकी हॅन्सिएट होती. बजाज टेम्पोच्या आकुर्डीच्या कारखान्यावरून जाताना अजून आठवते.

मांडववाला: फिरवून बघितली. दोन्हीकडे वाजते, डावीकडे वळताना जास्त. खाली वाकलो तर उजव्या शाफ्टच्या जॉइंटवरचं रबर फाटलेलं, रिमच्या आतून ग्रीस उडालंय.

तेलकट_हात: हे आधी सांगायचं ना राव! डावीकडे वळताना जास्त वाजतो तो बहुधा उजवाच जॉइंट. ग्रीस बाहेर, माती आत. नुसतं रबर बदलून आता भागणार नाही.

मांडववाला: जॉइंट मिळेल कुठं? साताऱ्यात तिघांनी हात वर केले.

तेलकट_हात: पुण्यात नाना पेठेत विचारा. जुना शाफ्ट काढून सोबत न्या, टोकाचे दाते मोजूनच नवा घ्या. आणि रविवारी भाड्याची गाडी बघा.