रागापेक्षा सूचनांची खोड अवघड
बरेच जण म्हणतात की वरच्या पदावरच्या माणसाने आधी राग आवरायला शिकावं. पटतंय, पण राग निदान दिसतो तरी! मला जास्त घातक वाटते ती प्रत्येक गोष्टीत सुधारणा सुचवायची खोड. हाताखालचा माणूस आराखडा घेऊन येतो, साहेब म्हणतात, "छान आहे, फक्त हा भाग असा केलास तर?" सूचना बहुधा बरोबरच असते, तिथेच तर पंचाईत. काम थोडं सुधारतं, पण ते आता साहेबांचं होतं आणि करणाऱ्याचा त्यातला जीव निघून जातो. बरं, ज्या बारकाईमुळे बढती मिळाली तीच आवरा, हे साहेबांना सांगणार कोण? एक उपाय मात्र चालताना पाहिलाय. आपलं मत शेवटी द्यायचं, आधी विचारायचं, "तुला स्वतःला यात काय खटकतंय?" बरेचदा नेमकी तीच त्रुटी तो आपणहून सांगतो.