इव्हॉन ब्राइसलँड यांच्या कामाची ओळख कुठून करून द्यावी? (सल्ला हवा आहे)

मृण्मयी_न

नमस्कार. आमचा नाट्यवाचनाचा छोटा गट आहे. दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी बारा-पंधरा जण कुणाच्या तरी घरी जमतो आणि भूमिका वाटून घेऊन एखादी संहिता मोठ्याने वाचतो. मार्च २०२५ मध्ये दक्षिण आफ्रिकेचे नाटककार अ‍ॅथॉल फ्यूगार्ड गेले, तेव्हापासून आम्ही त्यांची नाटके ओळीने वाचायला घेतली आहेत. छापील संहितेच्या आरंभी पहिल्या प्रयोगाचा नटसंच दिलेला असतो. तो वाचताना एकच नाव वारंवार समोर येऊ लागले, ते म्हणजे इव्हॉन ब्राइसलँड. १९२५ साली केपटाउनमध्ये जन्मलेल्या या अभिनेत्री आधी एका वृत्तपत्राच्या ग्रंथालयात नोकरी करत होत्या, १९४७ मध्ये त्यांनी रंगमंचावर पहिले पाऊल टाकले आणि फ्यूगार्ड यांच्या अनेक स्त्री-भूमिका त्यांच्यासाठीच लिहिल्यासारख्या वाटतात, एवढेच आम्हांला ठाऊक आहे.

पुढची बैठक त्यांच्यावर घ्यायची असून हाताशी फक्त दोन तास आहेत. एखादा चित्रपट दाखवावा, की संहितेचे वाचन करावे? आणि दोहोंपैकी काहीही केले तरी सुरुवात नेमक्या कोणत्या भूमिकेपासून करावी?

तिसरी_घंटा

मृण्मयीताई, दोनच तास असतील तर १९९१ चा 'द रोड टू मेक्का' हा चित्रपट दाखवावा, असे माझे स्पष्ट मत आहे. ब्राइसलँड यांचे १३ जानेवारी १९९२ रोजी लंडनमध्ये निधन झाले, म्हणजे हे त्यांचे अगदी अखेरच्या काळातले काम आहे. ज्या मिस हेलनच्या भूमिकेसाठी त्यांना लंडनमध्ये ऑलिव्हिए आणि न्यूयॉर्कमध्ये ओबी पारितोषिक मिळाले, तीच भूमिका त्यांनी येथे केली आहे. सोबत केथी बेट्स आणि पाद्री मारियसच्या भूमिकेत स्वतः फ्यूगार्ड आहेत.

नाटकामागची हकीकत खरी आहे आणि ती गटाला आधी सांगायला हवी. कारू या रखरखीत प्रदेशातील न्यू-बेथेस्डा नावाच्या खेड्यात हेलन मार्टिन्स नावाच्या एकाकी बाईंनी, कुस मालगास या मदतनिसाच्या साह्याने, अंगणात सिमेंटची घुबडे, उंट आणि पूर्वेकडे तोंड केलेले यात्रेकरू उभे केले, आणि घराच्या भिंतींना काचेचा चुरा लावला, जेणेकरून मेणबत्त्यांच्या उजेडात सारे घर लखलखावे. त्या चुऱ्याने त्यांचे डोळे अधू झाले. १९७६ च्या ऑगस्टमध्ये त्यांनी कॉस्टिक सोडा पिऊन जीवन संपवले. फ्यूगार्ड यांनी मात्र नाटकासाठी तो शेवट घेतला नाही. त्यांनी त्याआधीची एक संध्याकाळ निवडली, जेव्हा पाद्री या म्हातारीला वृद्धाश्रमाच्या अर्जावर सही करायला लावू पाहतो आणि तिची तरुण शिक्षिका मैत्रीण एल्सा केपटाउनहून लांबचा रस्ता कापत तिच्या दारात येऊन उभी राहते.

चित्रपट पाहण्याआधी संहिता जवळ असेल तर हेलनच्या हातांकडे लक्ष ठेवा. त्या हातांवर भाजल्याच्या खुणा आहेत. घरात मध्यंतरी आग लागली होती ही गोष्ट ती मैत्रिणीपासून लपवते, आणि नाटकातला पुष्कळसा ताण या लपवालपवीतून तयार होतो. उत्तरार्धात हीच भित्री, क्षमा मागत बोलणारी बाई आपल्या मेक्केचे, म्हणजे अंगणातल्या त्या शिल्पांचे, वर्णन करू लागते आणि घरात मेणबत्त्या लागत जातात. एवढे दीर्घ स्वगत वयस्कर नटीकडे विश्वासाने सोपवावे, असे प्रसंग आपल्याकडे फार थोड्या नाटककारांनी लिहिले आहेत. (हा आपला माझा जुना राग आहे, त्याकडे दुर्लक्ष केले तरी चालेल.)

दूरदेशी

वरील सल्ल्याशी मी असहमत आहे. 'मेक्का' सुंदर आहेच, पण ते कारकिर्दीचे शिखर आहे, आणि शिखरापासून सुरुवात केली की चढण कधी दिसतच नाही. लेनापासून सुरुवात करा.

नोकरीनिमित्त मी काही वर्षे पोर्ट एलिझाबेथमध्ये होतो. स्वार्टकॉप्स नदीच्या मुखाशी ओहोटीच्या वेळी काळपट चिखल उघडा पडतो, त्यावर पाणपक्षी चालत असतात आणि खाऱ्या चिखलाचा वास कपड्यांना चिकटून घरापर्यंत येतो. 'बूसमन अँड लेना' हे नाटक त्याच चिखलावर घडते. सकाळी बुलडोझरने झोपडी पाडलेले एक कलर्ड, म्हणजे मिश्रवंशीय, जोडपे संसार अंगावर घेऊन तिथे पोहोचते. आधी ओझ्याने वाकलेला बूसमन येतो, मग डोक्यावर बोचके आणि हातात सरपण घेतलेली लेना येते, आणि तिचा पहिला शब्द असतो, "इथे?" आयुष्यभर हाकलली गेलेली बाई त्या एका शब्दात उभी आहे. पुढे ती कोर्स्टेन, रेडहाऊस, कोएगा, व्हीप्लास अशी गावांची नावे घेत आपण कोणत्या क्रमाने कुठून कुठे हाकलले गेलो ते आठवण्याचा प्रयत्न करते, आणि क्रम पुन्हा पुन्हा चुकतो.

फ्यूगार्ड यांच्या प्रकाशित टिपणवह्यांत लेनाचे एक मूळ सापडते. क्रॅडॉकजवळच्या रस्त्यावर, नवरा वारल्यामुळे शेतावरून निघावे लागलेली, सगळे सामान घेऊन चालणारी एक बाई त्यांना भेटली होती आणि त्यांनी तिला मोटारीत घेतले होते. जुलै १९६९ मध्ये ग्रॅहम्सटाउनच्या ऱ्होड्स विद्यापीठात पहिला प्रयोग झाला, तेव्हा फ्यूगार्ड बूसमन होते आणि ब्राइसलँड लेना. रॉस डेव्हनिश यांनी पुढे केलेल्या चित्रपटातही हीच जोडी आहे.

अनघा_कुं

एक अडचणीचा प्रश्न विचारते. फ्यूगार्ड गोरे, ब्राइसलँडही गोऱ्या. मग वर्णद्वेषी राजवटीत हाकलल्या गेलेल्या कलर्ड जोडप्याच्या भूमिका त्यांनीच का कराव्यात? आमच्या गटात हा प्रश्न पहिल्या पाच मिनिटांत आला असता. तो टाळून नुसते अभिनयाचे कौतुक केले तर ऐकणाऱ्यांना ते अर्धवट वाटेल.

दूरदेशी

अनघाताई, प्रश्न अगदी रास्त आहे आणि त्याचे पूर्ण समाधान करणारे उत्तर माझ्याजवळ नाही. एक बाजू कायद्याची आहे: १९६५ च्या सरकारी घोषणेने मिश्र नटसंच आणि मिश्र प्रेक्षक या दोहोंवर बंदी आली होती, त्यामुळे गोऱ्या आणि कलर्ड नटांनी शेजारी उभे राहणेच गुन्ह्याच्या जवळ जाणारे होते. दुसरी बाजू अशी की, तशा परिस्थितीत ज्याचे दुःख आहे त्याच्याच चेहऱ्याला रंगमंचावर जागा मिळाली नाही, आणि भूमिका कितीही प्रामाणिकपणे केली तरी ही उणीव भरून निघत नाही. माझ्या मते १९७१ चा लंडनचा प्रयोग येथे उपयोगी पडतो. रॉयल कोर्टच्या माडीवरील छोट्या रंगमंचावर ब्राइसलँड यांच्या लेनासमोर बूसमन म्हणून झेक्स मोके हे कृष्णवर्णीय नट होते. मायदेशात जे जमत नव्हते ते त्यांना सहा हजार मैलांवर जाऊन करावे लागले, ही गोष्ट गटाला सांगितली तर चर्चा आपोआप योग्य दिशेला जाईल. २००० साली अँजेला बॅसेट आणि डॅनी ग्लोव्हर यांना घेऊन याच नाटकावर दुसरा चित्रपट निघाला. दोन्ही लेना शेजारी ठेवून पाहता आल्या तर अवश्य पाहा.

जुनी_पानं

अनघाताईंच्या प्रश्नाला धरूनच एक भर घालतो, कारण ब्राइसलँड यांनी स्वतः त्या प्रश्नाला कृतीने काहीएक उत्तर दिले होते. १९७२ मध्ये त्यांनी पती ब्रायन ॲस्टबरी यांच्यासह केपटाउनमध्ये 'द स्पेस' हे नाट्यगृह उभे केले. एका जुन्या गोदामात, सर्व वर्णांच्या नटांसाठी आणि प्रेक्षकांसाठी, कायद्याच्या नाकावर टिच्चून. आपल्याकडे छबिलदास चळवळ साधारण त्याच काळातली. पण शेजारच्या खुर्चीत कोण बसणार हे तिथे पोलीस ठरवत नव्हते, म्हणून ही तुलना मी येथेच थांबवतो.

उद्घाटनाचे नाटक अनैतिकता कायद्याखाली (गोरे आणि इतर वर्णीय यांच्या शरीरसंबंधांवर बंदी घालणारा कायदा) पकडल्या गेलेल्या जोडप्याचे होते: गोरी ग्रंथपाल फ्रीडा आणि कलर्ड मुख्याध्यापक एरल. ग्रंथपाल झाल्या ब्राइसलँड! ज्या बाईने खऱ्या आयुष्यात ग्रंथालयात नोकरी केली, तिने ग्रंथालयाच्या जमिनीवर पोलिसी कॅमेऱ्याच्या झगमगाटात उघडी पडलेली ग्रंथपाल उभी केली. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये, याच गोदामात, जॉन कानी आणि विन्स्टन न्त्शोना यांच्यासह 'सिझ्वे बान्झी' हे नाटक जगासमोर आले. म्हणजे ब्राइसलँड यांच्या कारकिर्दीचा हिशेब नुसत्या स्वतःच्या भूमिकांवर करता येणार नाही.

१९७८ मध्ये त्या लंडनला गेल्या आणि नॅशनल थिएटरमध्ये एडवर्ड बाँड यांच्या नाटकात हेक्युबा झाल्या. १९८० च्या 'ऑथेल्लो'मध्ये त्या एमिलिया होत्या, आणि डेस्डिमोना होती फेलिसिटी केंडल, म्हणजे आपल्या पृथ्वी थिएटरच्या जेनिफर केंडल यांची धाकटी बहीण, जी लहानपणी वडिलांच्या शेक्सपिअर कंपनीबरोबर हिंदुस्थानभर फिरली. झोपण्यापूर्वी डेस्डिमोनाचे केस मोकळे करणारी एमिलिया आणि केस मोकळे करून घेणारी ही मुलगी, एक आफ्रिकेतून आलेली, दुसरी भारतातून. तो प्रयोग मी पाहिलेला नाही याची मला अजून हळहळ वाटते. हॉलिवुडमधली त्यांची कामे मात्र निवांत सोडून द्यावीत.

तिसरी_घंटा

दूरदेशींचे म्हणणे मला आता बरेचसे पटते. तरीही एक गोष्ट सोडत नाही: लेना वाचून झाल्यावर हेलन पाहिली की कळते, एका बाईला घर कधीच मिळाले नाही आणि दुसरीला मिळालेले घर सोडायला लावत आहेत, आणि या दोघींमध्ये बऱ्याच वर्षांचे अंतर असूनही आवाज एकाच नटीचा आहे. म्हणून चित्रपट वगळू नका. हवे तर शेवटचा भागच दाखवा.

मृण्मयी_न

सर्वांचे मनापासून आभार. बेत असा ठरतो आहे: पहिला तास 'बूसमन अँड लेना'च्या आरंभीच्या भागाचे वाचन, मधली वीस मिनिटे अनघाताईंनी काढलेल्या प्रश्नावर आणि 'द स्पेस'वर बोलणे, आणि उरलेल्या वेळात 'मेक्का'चा उत्तरार्ध. एकच शंका राहिली आहे. 'बूसमन अँड लेना'मध्ये त्या जोडप्याला भेटणारा म्हातारा फक्त खोसा भाषेत बोलतो आणि आमच्यातील कुणालाही ती येत नाही. त्याची भूमिका कशी वाचावी?

दूरदेशी

मृण्मयीताई, लेनालाही ती भाषा येत नाही, म्हणून अडचण मानू नका. खोसा वाक्ये उच्चारण्याच्या फंदात न पडता म्हाताऱ्याचे काम करणाऱ्याने फक्त "लेना" एवढाच शब्द ठेवावा. तो शब्द ती त्याला शिकवते आणि त्याच्या तोंडून पुन्हा पुन्हा म्हणवून घेते, कारण दिवसभरात तिचे नाव घेणारा तेवढा एकच माणूस तिला भेटलेला असतो. गावांची नावे भाषांतरित करू नका आणि त्यांचा क्रमही कागदावर सुधारू नका, तो चुकलेलाच हवा. आणि पुढे म्हाताऱ्याबरोबर चहा-पाव वाटून घेण्याचा प्रसंग वाचलात, तर टेबलावर सगळ्यांसाठी कप मांडू नका. एकच मग ठेवा, काळ्या चहाचा, आणि तो लेनाच्या हातात राहू द्या.