शब्दचर्चा : ‘फंक्शनल डिसॅबिलिटी’साठी मराठी प्रतिशब्द

कोरा कागद : मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाच्या एका निवाड्याचे मराठी भाषांतर माझ्याकडे आले आहे. अर्जदाराच्या घरच्यांना इंग्रजी येत नाही आणि निवाड्यात नेमके काय लिहिले आहे, हे त्यांना जाणून घ्यायचे आहे. मी पहिल्या खर्ड्यात असे लिहिले : ‘डॉक्टरांनी ४५ टक्के कायमचे अपंगत्व प्रमाणित केले असले तरी न्यायाधिकरण ६० टक्के अपंगत्व गृहीत धरते.’ ते वाचून अर्जदाराच्या भावाने विचारले, ‘डॉक्टर चुकले की न्यायाधीश?’ मूळ मजकुरात पहिल्या ठिकाणी शारीरिक अपंगत्व आहे आणि दुसऱ्या ठिकाणी ‘फंक्शनल डिसॅबिलिटी’. ‘कार्यात्मक अपंगत्व’ असे लिहिले तर त्यांना त्यातून काहीच बोध होणार नाही. याहून बरा शब्द कोणी सुचवू शकेल का?

तालुका वकील : चूक कोणाचीच नाही, कारण हे दोन आकडे दोन वेगळ्या प्रश्नांची उत्तरे आहेत. डॉक्टर शरीर तपासतात. न्यायाधिकरण त्या शरीराने तो माणूस पूर्वी काय कमावत होता आणि आता काय कमावू शकेल, हे पाहते. सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या एका निकालात हा भेद स्पष्ट करताना डावा हात गमावलेल्या माणसाचे उदाहरण दिले आहे. तो चालक किंवा सुतार असेल तर कमाईची क्षमता जवळजवळ पूर्णच जाते. तोच सरकारी कारकून असेल आणि नोकरी टिकली असेल, तर भविष्यातील कमाईच्या नुकसानीच्या सदराखाली, म्हणजे भरपाईच्या त्या बाबीखाली, त्याला काही मिळेलच असे नाही. म्हणून मी माझ्या अर्जांत ‘कमाईच्या क्षमतेतील कायमची घट’ असे सरळ लिहितो.

शुद्धमती : ‘कमाई’ हा बोलीतला शब्द न्यायनिर्णयात शोभत नाही. ‘अर्जनक्षमताऱ्हास’ हा नेमका आणि समासबद्ध शब्द उपलब्ध असताना चार शब्दांची मालिका कशाला? शिवाय ‘अपंगत्व’ हा शब्दही मला खटकतो, कारण ‘पंगू’ला ‘अ’ लावल्यावर अर्थ ‘जो पंगू नाही तो’ असाच व्हायला हवा.

जुना मुनीम : ‘अर्जनक्षमताऱ्हास’ ऐकून अर्जदार आधी अर्ज कुठे ऱ्हास पावला ते शोधत बसेल. माझी नोकरी विमा कंपनीच्या दावे विभागात झाली. न्यायालयाच्या व्हरांड्यात सगळे ‘परसेंटेज किती लागलं?’ एवढेच विचारतात आणि त्यांना आकड्याचा अर्थ पक्का ठाऊक असतो. ‘अपंग’मध्ये मुळात ‘पंगू’ नसून ‘अंग’ आहे, असे माझे मत आहे; ते शुद्धमतींनी पटवून घ्यावे असा माझा आग्रह नाही.

शब्द कोणताही घ्या, पण त्यावर पैसे कसे अवलंबून असतात, ते पाहा. समजा, अर्जदार ३८ वर्षांचा, स्वतःचा व्यवसाय करणारा आणि महिना १५,००० रुपये कमावणारा आहे. वर्षाचे १,८०,००० होतात. भविष्यातील वाढीचे ४० टक्के मिळवले की २,५२,०००. वर्षाच्या कमाईला ज्या आकड्याने गुणतात तो गुणक या वयाला १५ लागतो. मृत्यूच्या दाव्यात मृताच्या स्वतःच्या खर्चापोटी जी वजावट होते, ती इथे होत नाही, कारण माणूस जिवंत आहे आणि त्याचा खर्च चालूच आहे. ४५ टक्के धरले तर १७,०१,००० रुपये येतात आणि ६० टक्के धरले तर २२,६८,०००. ज्या शब्दामुळे ५,६७,००० रुपयांचा फरक पडतो, तो घरच्यांना वाचता आलाच पाहिजे.

कुबडी : मी स्वतः अर्जदार होतो, म्हणून लिहितो. मी फिटर होतो आणि आता माझा उजवा गुडघा वाकत नाही. दाखल्यावर ‘३५ टक्के’ असे होते. सामनेवाल्यांच्या वकिलांनी डॉक्टरांना उलटतपासणीत विचारले, ‘हे टक्के पायाचे की माणसाचे?’ डॉक्टरांनी ‘पायाचे’ असे सांगितले आणि माझे तोंड उतरले. पण पुढे आमच्या वकिलांनी मला यंत्राखाली उकिडवे बसून दाखवायला सांगितले आणि मला बसता आले नाही. माझ्या दृष्टीने ‘फंक्शनल’चा अर्थ तेवढाच आहे. त्याला तुम्ही ‘कामापुरते अपंगत्व’ का म्हणत नाही?

तालुका वकील : ‘पायाचे की माणसाचे’ हा मुद्दा त्या २०१० च्या निकालातही आहे. तिथे दाखल्यावर एका पायाचे ४५ टक्के होते आणि कमाईच्या क्षमतेतील घट अखेर २० टक्के धरली गेली. म्हणजे आकडा वरच जातो असे नाही. ‘कामापुरते’ यात मात्र धोका आहे. ‘पुरते’ म्हटले की ‘तात्पुरते’ आठवते आणि इथे तर कायमचे नुकसान सांगायचे आहे.

शुद्धमती : मग ‘नुकसानभरपाई’ तरी कशासाठी? ‘क्षतिपूर्ती’ म्हणावे.

जुना मुनीम : ‘भरपाई’ अस्सल मराठी आहे, तिला ‘नुकसान’ जोडल्याने ती बाटत नाही. आणि पूर्ती होते कुठे? गेलेला पाय पैशाने परत येत नाही, म्हणून कायद्यानेही ‘न्याय्य’ एवढेच विशेषण वापरले आहे.

कोरा कागद : सर्वांचा आभारी आहे. निवाड्यात आणखी एक सदर निघाले आहे : ‘लॉस ऑफ ॲमेनिटीज’. माझ्या आधीच्या भाषांतरकाराने त्याचे ‘सुविधांची हानी’ असे केले आहे, जणू घराचा नळ तुटला. उद्या सकाळी मजकूर द्यायचा आहे.

कुबडी : मला मुलाला खांद्यावर घेता येत नाही, पळता येत नाही, जत्रेत उभे राहता येत नाही. त्याचे पैसे याच सदराखाली दिले होते. ‘जगण्यातल्या आनंदाला मुकणे’ असे लिहा.

शुद्धमती : ‘मुकणे’ हे क्रियापद आहे, सदराला नाम लागते. ‘जीवनसुखहानी’ कसे वाटते?

तालुका वकील : ‘पेन अँड सफरिंग’ म्हणजे ‘वेदना’ आणि ‘यातना’ या दोन नामांचे एकच सदर कसे झाले, हे आधी ठरवू या, त्यावरून मागच्या आठवड्यात माझा एका न्यायिक लिपिकाशी वाद झाला.