धागा: परदेशात घडणारा तमिळ प्रेमपट तुम्ही कुठे, कोणाबरोबर पाहिलात?

२००७चा पावसाळा. माझा मदुराईचा रूममेट सुट्टीहून परतला तो मुरुक्कूचा डबा आणि एक सीडी घेऊन. ‘उन्नाले उन्नाले’. सबटायटल नाहीत. वारज्याच्या खोलीत लॅपटॉप उशीवर ठेवलेला, आणि हा गडी दर दोन मिनिटांनी स्पेसबार दाबून मला अर्थ सांगणार. चौथ्या वेळी म्हटलं, “अरे राहू दे, कळतंय मला.” खरंच कळत होतं. पकडला गेलेला पोरगा आणि विश्वास उडालेली पोरगी, यांचं भांडण कळायला तमिळ कशाला लागतं?

कार्तिक आणि झांसी चेन्नईत तुटतात, तो कामासाठी मेलबर्नला निघतो, विमानात शेजारी दीपिका आणि तिकडे पुन्हा झांसी. दिग्दर्शक जीवा मूळचा कॅमेरामन, त्यामुळे शहर असं चकचकीत की खिडकीतून दिसणारा आमचा पाऊस जास्तच मळका वाटायला लागला. (जीवा त्याच वर्षी रशियात चित्रीकरण चालू असताना गेला.) गंमत नंतर कळली. झांसी झालेली सदा मूळची रत्नागिरीची आणि दीपिका झालेली तनिषा शोभना समर्थांची नात. गोष्ट तमिळ, गाव ऑस्ट्रेलियातलं आणि दोन्ही नायिका आपल्याकडच्या!

तर असे सिनेमे तुम्ही कुठे, कोणाबरोबर पाहिलेत? परीक्षण नको, कथासार मी सांगितलं तेवढं पुरे. तुमचं काय झालं ते लिहा.

मेलबर्नहून

मी इथे २०१३ला आले. हा सिनेमा आधी बघून आले असते तर फसवणूक झाली म्हणून भांडले असते. त्यात ट्रॅम अशी येते की जणू खास प्रेमिकांसाठी सोडलीय. मी पहिल्याच आठवड्यात ट्रॅममध्ये मायकी कार्ड (इथलं तिकिटाचं कार्ड) टेकवायला विसरले आणि दंडाचा कागद घरी आला. वर इथली हवा: सकाळी स्वेटर, दुपारी घाम, संध्याकाळी छत्री उलटी.

सिनेमा पाहिला तो डँडेनाँगच्या शेजारणीकडे. त्या श्रीलंकेतल्या जाफन्याच्या. मी त्यांना अक्का म्हणते. त्यांची मुलं पहिल्या दहा मिनिटांत हसायला लागली, “हे तमिळ आहे की इंग्लिश?” अक्कांच्या घरातलं तमिळ वेगळंच, संथ, आणि इंग्रजी शब्द जवळजवळ नाहीतच. अक्का मात्र नायक-नायिकेकडे बघतच नव्हत्या. त्या मागचं शहर बघत होत्या. ऑफिसातली मोठी काच पडद्यावर आली तशा म्हणाल्या, “अशा काचा मी चार वर्षं पुसल्या. रात्री अकरा ते पहाटे पाच.” सूर तक्रारीचा नव्हता. आपल्या गावचं देऊळ टीव्हीवर दिसल्यावर माणूस बोट दाखवतो ना, तसं दाखवलं त्यांनी. पुढे झांसी निघून जाते तिथे मी रडले, अक्का डोसे घालायला उठल्या.

विलेपार्ल्याहून, निवृत्त

तुम्ही सगळी पोरं २००० नंतरची. आमचा ‘निनैत्ताले इनिक्कुम’, १९७९. के. बालचंदर, कमल, रजनी, जयाप्रदा आणि सिंगापूर. बँकेतल्या तमिळ सहकाऱ्याने किंग्ज सर्कलला सकाळच्या खेळाला नेलं. आधी इडली, मग सिनेमा. सिंगापूर बघायला म्हणून गेलो आणि सगळा वेळ एका करंगळीकडे बघत बसलो. रजनी पैज लावतो: सिगरेट उडवून ओठांत झेलायची, सलग दहा वेळा. जमलं तर गाडी, चुकलं तर करंगळी. थिएटरात शेंगा सोलायचं थांबलं! हा गायकवाड आहे हे आम्हाला तेव्हा कुठे ठाऊक होतं. नाहीतर शिट्ट्या दुप्पट झाल्या असत्या. प्रेमकथेचं विचाराल तर नायिका शेवटी जाते, आणि माझा सहकारी, कॅश काउंटरवर कधी आवाज न चढवणारा माणूस, रुमालात तोंड घालून बसला होता. सोमवारी दोघंही त्याबद्दल एक अक्षर बोललो नाही.

सिंगापूरहून

काकांच्या सिंगापूरवरून आठवलं. आम्ही तंजावरचे मराठी. घरात बोलतो ती मराठी तुम्हाला अर्धीच कळेल. बाहेर सगळं तमिळ. लग्न होऊन इथे आले. इथे तमिळ ही राजभाषांपैकी एक, सरकारी पाट्यांवर लिहिलेली. मॅकेंझी रोडवरच्या रेक्स थिएटरात तमिळ सिनेमा लागला की मागच्या रांगेत जन्मापासून इथलीच असलेली आजी बसलेली असायची. त्यामुळे पडद्यावर कुणी सिंगापूर म्हणजे परदेश असं धरून डोळे विस्फारले की आम्ही दोघी एकमेकींकडे बघायचो.

मला परदेशासारखं कुठे वाटलं सांगू? पुण्यात, दिराच्या लग्नात. मी मराठीत पाणी मागितलं, तर एका बाईंनी कौतुकाने विचारलं, “किती छान शिकलात हो मराठी! मद्रासी का?” साडेतीनशे वर्षं झाली आम्हाला, बाई.

कोल्हापूर

माधवन आमच्या राजाराम कॉलेजचा, हे आधी नोंदवून ठेवा. त्याचा ‘नळ दमयंती’ (२००३) कुणी कसा काय आठवला नाही? पालक्काडचा आचारी मेलबर्नला जातो, पासपोर्ट हरवतो, मग कागदांसाठी लग्न, आणि लग्नानंतर प्रेम. लय हसवलंय.

आमच्यात हसला नाही तो फक्त दादा. दादा मस्कतला हॉटेलच्या किचनमध्ये सहा वर्षं होता. पासपोर्ट मालकाच्या कपाटात, किल्ली मालकाच्या खिशात. आज्जी गेली तेव्हा कपाट उघडायला चार दिवस लागले, दादा बाराव्यालाच पोचला. पिक्चरमध्ये माधवन पासपोर्टासाठी तंगडतोड करायला लागला तसं दादा उठून गॅलरीत गेला. म्हटलं, “अरे कॉमेडी आहे, ये की आत.” म्हणाला, “तुम्ही बघा.” बाकी प्रेमपटांत नायक उठतो आणि दुसऱ्या गाण्यात परदेशात असतो. ह्या एकात तरी कागद दिसले.

फ्रीमाँट, कॅलिफोर्निया

बायको तिरुचीची, मी साताऱ्याचा. ‘वारणम आयिरम’ सासूबाईंबरोबर पाहिला, आमच्याच घरी. सूर्या रेल्वेत भेटलेल्या मेघनाच्या मागे न सांगता थेट बर्कलेला येऊन उभा राहतो. आमच्यापासून तासभर अंतर, त्यामुळे बायको “इथे पार्किंग मिळत नाही” वगैरे चालू. पुढे ओक्लाहोमाच्या स्फोटात मेघना जाते. घरात शांतता. मी कॉफी करायला उठलो तर मागून आवाज, “माप्पिळ्ळै (म्हणजे जावई), डिकॉक्शन जास्त.”

मीही एकदा असाच न सांगता गेलो होतो. बर्कलेला नाही, तिरुचीला, मुलीला मागणी घालायला. रात्रभराच्या गाडीने, हातात कंदी पेढ्यांचा डबा. दार उघडायच्या आत नेमका कोलमवर, म्हणजे दारातल्या रांगोळीवर, पाय दिला. पहाटे उठून काढलेला, सतरा ठिपक्यांचा. अत्तै (सासूबाईंना मी असंच म्हणतो) काही बोलल्या नाहीत, फक्त माझ्या पांढऱ्या झालेल्या बुटाकडे बघत राहिल्या. होकार यायला पुढे दोन वर्षं लागली.

कॉफी दिली, तर त्यांनी सिनेमा मागे नेऊन सूर्या बर्कलेत पोचतो तिथे थांबवला होता. मला म्हणाल्या, “बघ. यानं कोलम नाही मोडला.”

“अत्तै, तिथे कोलमच नव्हता.”

“असता तरी नसता मोडला.”