लाउडनेस: १९८१ ते १९८९चे अल्बम फ्लॅकमध्ये नीट कसे उतरवायचे?

ओव्हरड्राइव्ह:
लाउडनेस या जपानी हेवी मेटल बँडचे 'द बर्थडे इव्ह' (१९८१) ते 'सोल्जर ऑफ फॉर्च्यून' (१९८९) हे सगळे अल्बम मूळ सीडीवरून फ्लॅकमध्ये (आवाजात काहीही न गमावता आकार कमी करणारा फाइल-प्रकार) घ्यायचे आहेत. तीन अडचणी आहेत. एकाच अल्बमच्या दोन-दोन आवृत्त्या दिसतात, त्यातली कोणती घ्यावी? एक जुनी जपानी सीडी संगणकावर फार किरटी वाजते, झांजा कानात घुसतात. तीच सीडी प्लेअरवर ठीक वाजते. आणि गाण्यांच्या जपानी नावांच्या जागी अगम्य चिन्हं येतात.

खर्ज:
आधी आवृत्त्या, कारण फ्लॅक फक्त चकतीवर आहे तेच जपतो. चुकीचं मिक्स (वाद्यं आणि गायन एकत्र जुळवण्याची पद्धत) घेतलं तर चुकीचंच मिक्स बिनचूक जपलं जाईल.

'डिसइल्युजन' (१९८४) जपानी आणि इंग्रजी अशा दोन्ही गायकीत आहे. गायक मिनोरू नीहारांचा आवाज जपानीत जास्त मोकळा लागतो, म्हणून एकच घ्यायची तर जपानी घ्या. 'थंडर इन द ईस्ट' (१९८५) निर्माते मॅक्स नॉर्मन यांनी अमेरिकेत ध्वनिमुद्रित केला, तिथे हा घोळ नाही. खरा घोळ १९८६चा. जपानमधला 'शॅडोज ऑफ वॉर' आणि अमेरिकेतला 'लाइटनिंग स्ट्राइक्स' हा एकच अल्बम, पण मिक्स वेगळं, गाण्यांचा क्रम वेगळा, आणि जपानी आवृत्तीचं शीर्षकगीत अमेरिकेत 'ॲशेस इन द स्काय' झालं. हे दोन वेगळे अल्बम समजून दोन फोल्डरांत ठेवा. 'हरिकेन आइज' (१९८७) पुन्हा दोन्ही भाषांत आहे. 'सोल्जर ऑफ फॉर्च्यून'ला अमेरिकन गायक माइक व्हेसेरा आले आणि हा प्रश्नच मिटला.

डबल_बास:
किरट्या आवाजाचं कारण बहुतेक प्री-एम्फसिस. ऐंशीच्या दशकातल्या बऱ्याच जपानी सीडींवर वरच्या पट्ट्या मुद्दाम उचलून ठेवलेल्या असत (५०/१५ मायक्रोसेकंदांचा वक्र, साधारण ३ किलोहर्ट्झपासून चढत जाऊन टोकाला १० डेसिबलच्या आसपास). प्लेअर चकतीवरची खूण वाचून तेवढंच खाली आणतो. संगणकावर काढलेल्या फाइलमध्ये ती खूण राहत नाही, उचललेला आवाज मात्र राहतो.

ईएसीने (सीडीवरून फाइली काढायचा प्रोग्रॅम) क्यू शीट (ट्रॅकांची यादी असलेली मजकुराची फाइल) बनवा आणि त्यात 'फ्लॅग्ज प्री' अशी ओळ आहे का बघा. नसली तरी निर्धास्त होऊ नका: काही चकत्यांवर खूण विषयसूचीत नसून फक्त सबकोडमध्ये (आवाजासोबत चकतीभर असणारी जोडमाहिती) असते. सीडीडीए-टू-वेव्ह हा प्रोग्रॅम सबकोडही तपासतो.

खूण सापडली तर सॉक्स या आवाजावर प्रक्रिया करायच्या प्रोग्रॅमचा 'डीएम्फ' इफेक्ट (उचललेल्या पट्ट्या खाली आणणारा) लावा आणि निकाल २४ बिटमध्ये साठवा, म्हणजे आकडे जवळच्या पूर्णांकात बसवताना होणारी चूक १६ बिटांवर बसत नाही. इक्वलायझरने ट्रेबल अंदाजाने कमी करू नका, वक्र जुळत नाही. अन् कच्ची फाइल पुसू नका! ॲक्युरेटरिपची (इतरांनी काढलेल्या त्याच सीडीशी तुलना करणारा डेटाबेस) पडताळणी कच्च्या फाइलवरच होते, डीएम्फनंतर पडताळणीचा आकडा जुळणार नाही.

ओव्हरड्राइव्ह:
क्यू शीटमध्ये ती ओळ निघाली, धन्यवाद. पण ॲक्युरेटरिपमध्ये ही चकती सापडतच नाही. काढताना चूक झाली असेल का?

डबल_बास:
तेवढ्यावरून नाही. जुनी छपाई असेल तर ती कोणी नोंदवलेलीच नसते. ईएसीच्या सिक्युअर मोडमध्ये 'टेस्ट अँड कॉपी' चालवा, म्हणजे चकती दोनदा वाचली जाते. दोन्ही वाचनांचे सीआरसी (पडताळणीचे आकडे) सारखे आले तर एवढं तरी कळतं की ड्राइव्ह दोनदा तेच वाचतोय. मग क्यूटूल्स या प्रोग्रॅमच्या डेटाबेसात बघा, तिथे वेगळ्या ऑफसेटची (आवाजाची सुरुवात किंचित पुढे-मागे असलेली) छपाईही ओळखू येते आणि थोडं खराब वाचन दुरुस्तही होतं. सीआरसी वेगळे आले तर चकती पुसा, मधल्या भोकाकडून कडेकडे सरळ रेषेत, गोल गोल नाही. तरीही जमलं नाही तर ड्राइव्ह बदलून बघा. ओरखड्यांवर प्रत्येक ड्राइव्ह वेगळा अडखळतो.

तारसप्तक:
अगम्य चिन्हं येतात कारण क्यू फाइल बहुतेक शिफ्ट-जिसमध्ये (जपानी अक्षरं साठवायची जुनी पद्धत) लिहिलेली असते आणि प्लेअर ती दुसरंच काही समजून वाचतो. फाइल एडिटरमध्ये शिफ्ट-जिस म्हणून उघडा, नावं नीट दिसली की यूटीएफ-८मध्ये (सगळ्या लिप्यांसाठीची सध्याची पद्धत) साठवा. आधीच बिघडलेली फाइल 'सेव्ह' केली असेल तर मूळ अक्षरं बहुधा गेली, पुन्हा काढावी लागेल. टॅगसाठी (फाइलमधली गाण्याची माहिती) म्युझिकब्रेन्झ पिकार्ड हा प्रोग्रॅम वापरा, पण आवृत्ती निवडताना पाठीवरचा कॅटलॉग क्रमांक जुळवा. नाहीतर 'शॅडोज ऑफ वॉर'ला 'लाइटनिंग स्ट्राइक्स'ची नावं चिकटतात.

फ्लॅकची दाबण्याची पातळी ८ ठेवा, एन्कोड करताना 'व्हेरिफाय' चालू ठेवा. पातळीने आवाज बदलत नाही, फक्त आकार आणि वेळ बदलतो. ४० मिनिटांचा अल्बम वेव्हमध्ये (न दाबलेली फाइल) साधारण ४२० एमबी, फ्लॅकमध्ये ३००च्या आसपास. मेटल फारसं आकसत नाही. 'लाइव्ह-लाउड-अलाइव्ह' (१९८३) काढताना गाण्यांमधली गॅप आधीच्या ट्रॅकच्या शेवटी जोडा, म्हणजे टाळ्या तुटत नाहीत.

खर्ज:
एसएचएम-सीडीसाठी (खास प्लास्टिकची महाग जपानी सीडी) जास्तीचे पैसे मोजायच्या आधी एक लक्षात घ्या: प्लास्टिक वेगळं, माहिती तीच १६ बिट, ४४.१ किलोहर्ट्झ. एकाच मास्टरची साधी सीडी बरोबर वाचली गेली तर दोन्ही फाइली अगदी सारख्या निघतात. फरक ऐकू आला तर तो मास्टरिंगचा (छपाईआधी आवाजावर केलेली शेवटची प्रक्रिया), आणि ते तपासायला दोन्हींचा डीआर आकडा (हळू-मोठ्या आवाजातल्या फरकाचं माप) काढून बघा.