रिथी पान्ह यांचे माहितीपट : गुन्हेगाराला कॅमेऱ्यासमोर बोलू देणे योग्य आहे का?

शोधयात्री : कंबोडियाचे दिग्दर्शक रिथी पान्ह यांचे ‘एस-21’ (2003) आणि ‘द मिसिंग पिक्चर’ (2013) हे माहितीपट पाठोपाठ पाहिले. ख्मेर रूज या कट्टर साम्यवादी गटाच्या 1975 ते 1979 या राजवटीत सुमारे 17 लाख माणसे मेली; पान्ह यांचे आईवडीलही त्यांत गेले. असे असूनही ‘एस-21’मध्ये त्यांनी, याच सांकेतिक नावाच्या तुओल स्लेंग तुरुंगातील जुन्या पहारेकऱ्यांना पुन्हा त्याच इमारतीत आणले, आणि आपण केवळ हुकूम पाळत होतो, हे पालुपद ते पहारेकरी आळवत राहतात. अशा माणसांना बोलू देणे हा मृतांवर पुन्हा अन्याय नाही का? आणि या साऱ्या कामाला समेट म्हणावे का?

मातीचा_रंग : ते काय बोलतात यापेक्षा त्यांचे शरीर काय करते, याकडे लक्ष देऊन तो माहितीपट पुन्हा पाहावा, अशी विनंती आहे. किशोरवयात भरती झालेला एक पहारेकरी रिकाम्या कोठडीत आपली रात्रपाळी करून दाखवतो. तो कुलूप तपासतो, बेड्या चाचपतो, समोर नसलेल्या कैद्यांवर खेकसतो आणि पाणी आणायला जातो. शब्दांत सबबी शोधणारा हा माणूस कृती मात्र विनासायास करतो, कारण ती त्याच्या अंगवळणी पडलेली आहे. आणि तो आत शिरतो तेव्हा कॅमेरा दाराशीच थांबतो, कारण पुढे पाऊल टाकले असते तर ते जमिनीवर साखळलेल्या कैद्यांच्या अंगावर पडले असते, अशी पान्ह यांची भावना होती. ज्याच्या मनात मृतांचा एवढा आदर आहे, त्याने गुन्हेगाराला व्यासपीठ दिले असे मला म्हणवत नाही.

शिवाय पहारेकरी तिथे एकटे नाहीत. तुरुंगातून वाचलेले चित्रकार वान नाथ त्यांच्यासमोर बसून शांतपणे विचारतात, की तुम्हीही बळी असाल, तर इथे कोंडलेले आम्ही कोण होतो? त्या प्रश्नापुढे सबबी टिकत नाहीत.

कागदपत्र : वरील प्रतिसादाशी सहमत आहे, पण एक शंका उरते. तुरुंगप्रमुख डुच याच्यावरच्या 2011 च्या माहितीपटात वान नाथ यांच्यासारखे समोरासमोर जाब विचारणारे कोणी नाही. पान्ह यांचे प्रश्नही संकलनात गाळलेले आहेत, त्यामुळे टेबलावर फायली मांडून बसलेला डुच आणि त्याचे वक्तृत्व हेच बहुतांश समोर राहते. जुनी चित्रणे आणि साक्षी मध्येमध्ये जोडून पान्ह त्याला खोडून काढतात, हे खरे. तरीही विषयाची माहिती नसलेला प्रेक्षक त्याच्या बोलण्याला भुलू शकतो. तो माहितीपट सर्वांत शेवटी पाहावा.

शोधयात्री : दाराशी थांबलेला कॅमेरा माझ्या नजरेतून निसटला होता. आभार. समेटाबद्दल मात्र अजून उत्तर मिळालेले नाही.

नदीकाठ : समेट हा शब्द मी तरी वापरणार नाही. ज्यांचा गुन्हा पुरता सांगितलाच गेलेला नाही, त्यांना क्षमा कोणी आणि कशाबद्दल करायची? पान्ह यांचे काम त्याच्या आधीच्या टप्प्याचे आहे : कोणाचे नाव काय होते, कोणी कुठे काय केले, हे पक्के नोंदवणे. 1996 मध्ये त्यांनी प्रेमपत्रे लिहिणाऱ्या आणि पुढे याच तुरुंगात मारल्या गेलेल्या बोफाना या तरुणीची कहाणी मांडली. तिथे 12,000 हून अधिक माणसे कोंडून मारली गेली. त्या आकड्यातून एका बाईला तिच्या पत्रांसह वेगळे काढणे हे मला फार मोठे काम वाटते. ‘द मिसिंग पिक्चर’मध्ये त्या अत्याचारांची छायाचित्रेच उरलेली नव्हती, म्हणून मातीच्या बाहुल्या घडवल्या गेल्या, आणि माणसाने खाऊ नये असे अन्न नाकारून मरण पत्करणारे त्यांचे वडील आपल्याला त्या मातीतून दिसले.

त्यांच्या कारकिर्दीबद्दल लिहिताना 2006 साली राजधानी नॉम पेन्हमध्ये सुरू झालेले बोफाना केंद्र हमखास राहून जाते. देशाची विखुरलेली चित्रणे आणि ध्वनिमुद्रणे तिथे जमवली जातात, ती कोणालाही विनामूल्य पाहता येतात, आणि तरुणांना चित्रपटनिर्मितीचे शिक्षणही मिळते. समेट व्हायचाच असेल तर तो कंबोडियातील माणसांना आपापसांत करावा लागेल, आणि त्यासाठी लागणारा पुरावा या केंद्रामुळे त्यांच्या हाताशी राहील.