मदत हवी आहे: जळगावच्या उन्हाळ्यात क्लास-ए अ‍ॅम्प्लिफायर टिकेल का?

नमस्कार मंडळी. १२ बाय १५ फुटांची खोली, ऐकणं बहुतेक शास्त्रीय गायन. स्पीकर ४ ओहमचे, सेन्सिटिव्हिटी (दिलेल्या पॉवरला किती आवाज निघतो ते) ८६ डेसिबल, जरा कमीच, म्हणजे करंट भरपूर देणारा अ‍ॅम्प्लिफायर हवा. यंदाच्या केळीच्या पैशांतून दीड लाख बाजूला काढलेत.

पुण्यात एक क्लास-ए ऐकला. तानपुऱ्याची ती जवारी (तारांचा गुंजणारा झंकार) अजून कानातून जात नाही. पण क्लास-एमध्ये करंट सतत वाहत असतो, त्यामुळे गाणं थांबलं तरी तो तापलेलाच राहतो, आणि आपल्याकडे मे महिन्यात पारा ४५ ला टेकतो! एसी लावावा तर त्याच्या घरघरीत मंद्र सप्तकातले आलाप बुडतात. मग त्यापेक्षा कमी तापणारा क्लास-एबीच घ्यावा का?

भुसावळ-धुळ्याकडे कोणी क्लास-ए वापरतंय का? वर किती जागा मोकळी सोडलीत? संध्याकाळी व्होल्टेजही खालीवर होतं. सर्व्हो स्टॅबिलायझर लावल्यावर आवाज दबल्यासारखा वाटतो का? अर्थिंग नवीन करून घेतलंय.